माणशी पंधरा चौरस किलोमीटर: नॉर-द्यू-क्यूबेकमध्ये नेमकं राहतं कोण?

प्रश्न थोडक्यात असा होता: "मुलीच्या शाळेच्या प्रकल्पासाठी कॅनडाच्या लोकसंख्येचा नकाशा रंगवतोय. क्यूबेक प्रांताच्या वरच्या अर्ध्या भागावर 'नॉर-द्यू-क्यूबेक' असा एकच विभाग आहे आणि त्याची घनता ०.०६ दिली आहे. दशांश चिन्ह चुकलंय का? तिथे खरंच कुणी राहतं का? आणि एवढा मोठा तुकडा एकच विभाग म्हणून का ठेवलाय?"

दशांश चिन्ह जागेवर आहे. २०२१ च्या जनगणनेत या विभागात ४५,७४० माणसं मोजली गेली आणि जमीन आहे सुमारे ७ लाख ७ हजार चौरस किलोमीटर. भागाकार केला की चौरस किलोमीटरला ०.०६ माणूस येतो. उलटा भागाकार केला तर माणशी पंधरा चौरस किलोमीटरहून जास्त जागा. आपल्या मापाने सांगायचं तर सव्वादोन महाराष्ट्र मावतील एवढी जमीन आणि त्यात तालुक्याच्या एखाद्या गावाएवढी माणसं. क्यूबेकचा निम्मा भूभाग या विभागात जातो आणि प्रांताची जेमतेम अर्धा टक्का लोकसंख्या.

मी मॉन्ट्रियलमध्ये गेली पंधरा-सोळा वर्षं नकाशे आणि लोकसंख्येचे आकडे यांच्याशी झटापट करतोय, आणि त्यातला बराच काळ या उत्तरेच्या विभागाने खाल्लाय. म्हणून आधीच सांगून ठेवतो: तो ०.०६ बरोबर असला तरी त्याचा उपयोग जवळपास काहीच नाही. तिथे कुणीही आपल्या वाटणीच्या पंधरा चौरस किलोमीटरमध्ये एकटं राहत नाही. माणसं राहतात ती सव्वीस-सत्तावीस ठिकाणी, आणि त्यांतल्या बऱ्याच ठिकाणी इतकी दाटी की एका खोलीत तीन-चार जण झोपतात. मधली जमीन आकड्यांत रिकामी दिसते, तीही रिकामी नाही. ते पुढे येईलच.

पहिली गोष्ट म्हणजे हा विभाग कागदावर एक आहे. प्रत्यक्षात तिथे तीन समाज आहेत, तीन भाषा आहेत आणि कारभाराच्या तीन तऱ्हा आहेत. क्यूबेकचे सतरा प्रशासकीय विभाग आहेत, त्यात हा दहावा. त्याच्या पोटातून ५५ अंश अक्षांशाची रेषा जाते. तिच्या उत्तरेला नुनाविक, इनुइट या मूळनिवासी लोकांचा प्रदेश. दक्षिणेला क्री या दुसऱ्या मूळनिवासी लोकांचा ईयू इस्ची आणि त्याच जमिनीवर विखुरलेली, मुख्यतः फ्रेंच बोलणाऱ्यांची खाण-लाकूड गावं, ज्यांना एकत्रितपणे जामेसी म्हणतात. ४५ हजारांची वाटणी ढोबळमानाने अशी: नुनाविकमध्ये १४ हजार, क्री साडेअठरा हजारांच्या आसपास, जामेसीत १३ हजार. म्हणजे फ्रेंच भाषा जपण्यासाठी एवढा आटापिटा करणाऱ्या प्रांताच्या सर्वांत मोठ्या विभागात फ्रेंच भाषकच अल्पसंख्य.

दक्षिणेकडून सुरुवात करू. शिबुगामो, शापे, लबेल-स्यूर-केव्हियाँ आणि मातागामी ही चार शहरं. 'शहर' हा कायद्याचा शब्द झाला. त्यातलं सर्वांत मोठं शिबुगामो २०२१ मध्ये सव्वासात हजारांचं होतं. ही सगळी विसाव्या शतकातली गावं. तांबं, सोनं, जस्त सापडलं किंवा लाकडाचा कारखाना निघाला म्हणून वसली, आणि धंदा बसला की गावही बसतं. लबेलचा लगदा कारखाना २००५ मध्ये बंद पडला आणि गावाने त्याची झळ पुढची दहा-पंधरा वर्षं सोसली. मातागामीच्या रस्त्यावर जूतेल नावाचं गाव होतं. साठच्या दशकात खाणीसाठी उभारलं, नव्वदच्या दशकाच्या अखेरीस बंद केलं. आज तिथे रस्त्यांच्या खुणा आणि माजलेलं रान आहे. शिबुगामोचीही लोकसंख्या १९९६ पासून दीड हजाराच्या आसपास घटली. तरुण शिकायला दक्षिणेत जातात आणि बरेचसे परतत नाहीत. आपल्याकडच्या कोकणी वाचकाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

क्री गावं नऊ. वास्कागानिश, ईस्टमेन, वेमिंजी, चिसासिबी आणि व्हापमागूस्टुई किनाऱ्याला. नेमास्का, वास्वानिपी, ऊजे-बूगूमू आणि मिस्टिसिनी आत. मिस्टिसिनी ज्या तलावाकाठी आहे तो क्यूबेकमधला सर्वांत मोठा नैसर्गिक तलाव, सव्वादोन हजार चौरस किलोमीटरांहून मोठा. ऊजे-बूगूमूची गोष्ट मला नेहमी सांगावीशी वाटते. तिथल्या क्री लोकांना खाणींपायी विसाव्या शतकात पुन्हा पुन्हा आपल्या वस्त्या मोडाव्या लागल्या. शेवटी त्यांनी हक्काची जागा मिळवली आणि वास्तुरचनाकार डग्लस कार्डिनल यांच्याकडून अख्खं गाव नव्याने आखून घेतलं. १९९२ च्या सुमारास लोक तिथे राहायला आले. घरांना ऊब देणारी यंत्रणा लाकूड गिरण्यांच्या भुशावर चालते. सगळ्या गावासाठी एक भट्टी आणि जमिनीखालून घरोघरी गरम पाण्याचे नळ. शिबुगामो तिथून तासाभराच्या अंतरावर आहे, पण लोकसंख्येचा आलेख अगदी उलट दिशेला जातो. क्री गावं वाढत आहेत, तरुण आहेत. शिबुगामोतल्या दुकानांचं बरंचसं गिऱ्हाईक आता क्री आहे, आणि हे पन्नास वर्षांपूर्वी कुणी सांगितलं असतं तर त्या शहरातल्या व्यापाऱ्यांनी हसण्यावारी नेलं असतं.

५५ अंशांच्या वर चौदा इनुइट गावं आहेत, सगळी पाण्याच्या कडेला. पश्चिमेला हडसन उपसागर, उत्तरेला हडसन सामुद्रधुनी, ईशान्येला उंगावा उपसागर. आतल्या पठारावर एकही गाव नाही. सर्वांत मोठं कूजुआक, सुमारे २,७०० वस्तीचं. सर्वांत लहान आउपालुक, दोनशे-सव्वादोनशे माणसांचं. सर्वांत उत्तरेला इवुयिविक, ६२ अंशांच्याही पलीकडे. या चौदांपैकी कोणत्याही दोन गावांना जोडणारा रस्ता नाही, आणि दक्षिणेकडून नुनाविकमध्ये जाणाराही नाही. येणं-जाणं विमानाने. सामान येतं ते जूनच्या अखेरीपासून ऑक्टोबरपर्यंत बर्फ नसताना येणाऱ्या जहाजांनी. बहुतेक ठिकाणी मोठ्या जहाजाला धक्का नाही, म्हणून ते समुद्रात उभं राहतं आणि माल सपाट तराफ्यांवरून भरतीच्या वेळा साधून किनाऱ्याला लावतात. उंगावा उपसागराच्या भरती-ओहोटी जगातल्या सर्वांत मोठ्यांपैकी आहेत. तासिउजाकजवळ पाणी पंधरा मीटरांहून जास्त चढतं-उतरतं. एखाद्या घराच्या खिडक्या त्या वर्षीच्या शेवटच्या जहाजात चढल्या नाहीत तर ते घर पुढच्या उन्हाळ्यापर्यंत थांबलं, इतका साधा हिशेब.

व्हापमागूस्टुईबद्दल थोडं जास्त बोलतो, कारण या विभागाचा सगळा गुंता त्या एका ठिकाणी दिसतो. हे गाव ५५ अंशांच्या किंचित वर आहे. म्हणजे नकाशाप्रमाणे इनुइट प्रदेशात, पण वस्ती क्री. नऊ क्री गावांपैकी रस्ता नसलेलं हे एकच. त्याला अगदी चिकटून कूजुआरापिक हे इनुइट गाव. दोन गावं, एकच धावपट्टी; पण दोन नगरपालिका, दोन शाळा, दोन दवाखाने. क्री नावात बेलुगा देवमाशांची नदी, इनुइट नावाचा अर्थ 'छोटी मोठी नदी'. फ्रेंचमध्ये पोस्ट-द-ला-बालेन, इंग्रजीत ग्रेट व्हेल. एकाच वाळूच्या पट्ट्याला चार नावं. आणि मोठी नदी म्हणाल तर कूजुआकचा अर्थही मोठी नदी, चिसासिबीचाही मोठी नदी. आपल्याकडे नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतात, तसं ज्याची त्याची मोठी नदी वेगळी.

आता हा एवढा तुकडा क्यूबेकच्या वाट्याला आला कसा? १६७० साली इंग्लंडच्या राजाने हडसन बे कंपनीला या उपसागरात येणाऱ्या सगळ्या नद्यांचं खोरं सनदेने देऊन टाकलं. तिथे राहणाऱ्यांना विचारण्याचा प्रश्नच नव्हता. सनदेच्या दोन वर्षं आधीच, १६६८ मध्ये, इंग्रजांनी आजच्या वास्कागानिशच्या जागी ठाणं टाकलं होतं. १८७० मध्ये कंपनीने हा मुलूख कॅनडाच्या हवाली केला. मग १८९८ मध्ये क्यूबेकची हद्द ईस्टमेन नदीपर्यंत सरकली आणि १९१२ मध्ये थेट हडसन सामुद्रधुनीपर्यंत गेली. दोन कायदे आणि प्रांत दुपटीहून मोठा.

पण त्या कायद्यांत बेटं नव्हती. हद्द किनाऱ्याला थांबते. त्यामुळे हडसन उपसागरातली बेटं, अगदी गावातून डोळ्यांनी दिसणारीसुद्धा, आज नुनावुत या वेगळ्या प्रदेशात मोडतात. नुनाविक आणि नुनावुत यांत घोळ करू नका, आणि मुलीलाही बजावून सांगा. माणूस सकाळी क्यूबेकमधल्या गावातून बोट घेऊन सील मारायला निघतो आणि पाण्यात उतरल्या क्षणी दुसऱ्या प्रदेशात असतो. त्यात आणखी एक गंमत. हिमयुगात या भागावर जाड बर्फाचा थर होता. त्याच्या वजनाने दबलेली जमीन अजून वर येते आहे. हडसन उपसागराच्या पूर्व किनाऱ्यावर शतकाला मीटरभराहून जास्त. डोंगरउतारांवर जुन्या पुळणी पायऱ्यांसारख्या दिसतात. किनारा स्वतःच सरकतोय आणि हद्द किनाऱ्याला बांधलेली आहे. वकिलांना पुरेल एवढं काम आहे.

१९१२ नंतर पुढची पन्नास वर्षं क्यूबेकने या मुलखाकडे ढुंकूनही पाहिलं नाही, हे स्पष्ट सांगायला हवं. इनुइटांची जबाबदारी कुणाची, यावर प्रांत आणि केंद्र सरकार चक्क सर्वोच्च न्यायालयात भांडले, आणि दोघांनाही ती आपल्याकडे नको होती. १९३९ मध्ये न्यायालयाने ती केंद्राच्या गळ्यात घातली. तोपर्यंत आणि नंतरही काही काळ लोक ऋतूप्रमाणे फिरते होते. गावं झाली ती व्यापारी ठाणी, मिशन, आणि मुख्य म्हणजे पन्नास-साठच्या दशकांतल्या सरकारी शाळांभोवती. मुलं शाळेत अडकली की आईबाप फिरणार कसे? त्याच काळात सरकारी माणसांनी इनुइटांचे स्लेज ओढणारे कुत्रे मोठ्या प्रमाणावर मारले, आणि कुत्रे गेले म्हणजे फिरण्याचं साधनच गेलं. याबद्दल केंद्र सरकारने माफी मागितली ती २०२४ मध्ये. १९५३ मध्ये इनुकजुआक या नुनाविकमधल्या गावच्या काही कुटुंबांना सरकारने जवळजवळ दोन हजार किलोमीटर उत्तरेला, ग्रीझ फिओर्ड आणि रेझोल्यूट इथे नेऊन सोडलं. त्याची माफी २०१० मध्ये. तेव्हा 'या गावाची लोकसंख्या इतकी का' याचं उत्तर हवामानापेक्षा सरकारी फायलींत जास्त सापडतं.

क्यूबेकचं लक्ष उत्तरेकडे वळलं ते पाण्यामुळे. ३० एप्रिल १९७१ रोजी मुख्यमंत्री रोबेर बुरासा यांनी जेम्स बे जलविद्युत प्रकल्प जाहीर केला. क्री आणि इनुइटांना कुणी विचारलं नव्हतं. ते कोर्टात गेले. नोव्हेंबर १९७३ मध्ये न्यायमूर्ती आल्बेर मालूफ यांनी काम थांबवण्याचा आदेश दिला. वरच्या न्यायालयाने तो आठवड्याभरात स्थगित केला, पण सरकारला कळून चुकलं की बोलणी केल्याशिवाय सुटका नाही. ११ नोव्हेंबर १९७५ रोजी जेम्स बे आणि उत्तर क्यूबेक करार झाला. आजच्या या विभागाची सगळी घडण त्या करारातून आली आहे: ५५ अंशांची रेषा, इनुइट बाजूला कातिविक प्रादेशिक सरकार, दोन्ही समाजांची आपापली शाळा मंडळं आणि आरोग्य मंडळं, आणि जमिनीच्या तीन श्रेणी. पहिल्या श्रेणीची जमीन गावांच्या ताब्यात, ती सगळी मिळून चौदा हजार चौरस किलोमीटरांच्या आसपास. दुसरीत शिकार-मासेमारीचा खास हक्क, सुमारे दीड लाख चौरस किलोमीटर. उरलेली सगळी तिसरी, म्हणजे सरकारी. तिथेही काही प्राण्यांच्या शिकारीचा हक्क फक्त मूळनिवासींना.

आता तुमच्या "रिकामी जमीन" या कल्पनेकडे येतो. क्री प्रदेश सुमारे तीनशे शिकारक्षेत्रांत वाटलेला आहे. इंग्रजीत त्यांना ट्रॅपलाइन म्हणतात. प्रत्येक क्षेत्राचा एक कर्ता असतो. मूझ कुठे, बीव्हर किती, यंदा कुठे शिकार करायची आणि कुठली जागा विसाव्याला ठेवायची, हे तो ठरवतो. आपल्या मापात सातबारा नाही म्हणून ती जमीन कुणाची नाही असं होत नाही. वर्षाचे काही महिने रानात घालवणाऱ्या क्री कुटुंबांना करारानुसार ठरावीक उत्पन्न मिळतं. ही योजना १९७६ पासून चालू आहे. धरणाने नदी अडवली तेव्हा सरकारी नकाशावर पाण्याखाली गेली ती 'निर्मनुष्य' जमीन. क्री नकाशावर गेली ती कुणाच्या तरी आजोबांची तळ टाकायची जागा, कुणाची तरी कबर.

आणि पाणी गेलं ते थोडंथोडकं नव्हे. ला ग्रांद नदीवरचं भूमिगत वीजघर ५,६१६ मेगावॉटचं आहे. आपलं कोयना सगळे टप्पे धरून १,९६० मेगावॉट, त्यावरून अंदाज करा. उत्तरेला उंगावा उपसागराकडे वाहणाऱ्या कानियापिस्को नदीचं वरचं पाणी अडवून पश्चिमेला वळवलं आणि तिथे ४,३०० चौरस किलोमीटरांचा जलाशय झाला. पाण्याखाली कुजणाऱ्या झाडोऱ्यामुळे माशांत पारा वाढला आणि ज्यांचं मुख्य अन्नच मासा त्यांना मासा कमी खा असं सांगायची वेळ आली. नदीच्या मुखाजवळच्या बेटावर फोर्ट जॉर्ज हे क्री गाव होतं. प्रवाह वाढून बेट खचेल या भीतीने १९८० च्या सुमारास अख्खं गाव मुख्य भूमीवर हलवलं, कितीतरी घरं उचलून. तेच आजचं चिसासिबी, पाच हजारांच्या आसपास वस्तीचं.

ला ग्रांदची वीजघरं क्यूबेकच्या जवळजवळ निम्म्या विजेची धनी आहेत. त्यांच्या तारा हजार किलोमीटर दक्षिणेला मॉन्ट्रियलपर्यंत आणि पुढे अमेरिकेपर्यंत जातात. त्याच विभागातली चौदा इनुइट गावं मात्र या जाळ्याला जोडलेली नाहीत. ती डिझेलवर चालतात, आणि ते डिझेलही जहाजाने येतं. अपवाद इनुकजुआकचा, तिथे गावकऱ्यांच्या भागीदारीतून २०२३ मध्ये साडेसात मेगावॉटचं छोटं जलविद्युत केंद्र सुरू झालं. ग्रेट व्हेल नदीवरही मोठं धरण येणार होतं. तेव्हा क्री आणि इनुइटांनी मिळून अर्धी कनू (क्रींची) आणि अर्धी कयाक (इनुइटांची) अशी एक होडी बांधली आणि १९९० च्या वसंतात ती घेऊन न्यूयॉर्क गाठलं, कारण वीज विकत घेणार होतं ते न्यूयॉर्क. १९९४ मध्ये प्रकल्प बासनात गेला. त्या धरणाच्या धास्तीने कूजुआरापिकची काही कुटुंबं १९८६ मध्ये उत्तरेला जाऊन उमिउजाक नावाचं नवं गाव वसवून बसली होती. धरण झालं नाही, गाव राहिलं.

आता माझ्या धंद्यातल्या अडचणी, म्हणजे तुमची मुलगी आकडे जमवताना जिथे ठेचकाळेल त्या जागा.

पहिली ठेच मी स्वतः खाल्ली आहे. प्रशासकीय विभाग दहा म्हणजे सगळा नॉर-द्यू-क्यूबेक. पण आरोग्य खात्याच्या आकड्यांत विभाग दहा म्हणजे फक्त जामेसी! नुनाविक तिथे सतरावा आणि क्री प्रदेश अठरावा आरोग्य विभाग. नव्याने कामाला लागलो तेव्हा मी एका तक्त्यातून 'विभाग १०' चे आजारपणाचे आकडे उचलले आणि दुसऱ्या तक्त्यातल्या 'विभाग १०' च्या ४५ हजारांनी भागले. उत्तर आलं की उत्तरेत लोक कमालीचे निरोगी आहेत. वरिष्ठ बाईंनी तो नकाशा पाहिला, चष्मा काढला आणि एवढंच विचारलं, "मग आपण सगळे तिकडेच राहायला जाऊ या का?"

दुसरी अडचण मोजणीचीच. कॅनडाची जनगणना मे महिन्यात असते. क्री गावांत एप्रिल-मे म्हणजे हंसांच्या शिकारीची सुट्टी. शाळा, कार्यालयं बंद आणि गावच्या गाव रानात. त्यामुळे दुर्गम उत्तरेत मोजणी आधी उरकायची पद्धत आहे. २०१६ ला ती फेब्रुवारीपासूनच सुरू झाली होती. मोजणारे घरोघरी जातात आणि नमुन्यासाठी निवडक घरांना न देता प्रत्येक घराला लांबलचक प्रश्नावली असते. लहान गावाला नमुना पुरत नाही, हे त्यामागचं कारण. इतकं करूनही दोनशे वस्तीच्या गावात दोन कुटुंबं त्या आठवड्यात दक्षिणेला इस्पितळात गेली असली की टक्केवारी हलते. तेव्हा 'आउपालुकची लोकसंख्या पाच वर्षांत दहा टक्के वाढली' असलं वाक्य मुलीला लिहू देऊ नका. दहा टक्के म्हणजे वीस माणसं, तीन-चार घरं.

तिसरी, खाणकामगार. सालुइट या इनुइट गावाच्या दक्षिणेला रॅगलान इथे १९९७ पासून निकेलची मोठी खाण आहे. तिथले बरेचसे कामगार काही आठवडे काम करून विमानाने घरी जातात आणि ते मोजले जातात आपापल्या घरच्या पत्त्यावर. कुठल्याही दिवशी या विभागात प्रत्यक्ष असलेली माणसं जनगणनेपेक्षा वेगळीच असतात. उलट बाजूने, मॉन्ट्रियलच्या विमानतळाजवळ डोर्व्हालमध्ये नुनाविकच्या रुग्णांसाठी मोठं निवासस्थान आहे आणि ते कायम भरलेलं असतं. बाळंतपणासाठीसुद्धा बायकांना एकटीला हजार-दीड हजार किलोमीटरवर पाठवायचे, तेही आठवडेच्या आठवडे. १९८६ मध्ये पुविर्निटुकच्या बायकांनी आग्रह धरून गावातच सुईणींचं प्रसूतिगृह सुरू केलं. आता तिथे इनुइट सुईणी तयार होतात आणि हडसन किनाऱ्यावरची बहुतेक मुलं हडसन किनाऱ्यावरच जन्मतात.

मुलांवरून आठवलं. प्रकल्पात घनतेपेक्षा वयाचा आकडा घालायला सांगा. नुनाविकमधला प्रत्येक तिसरा माणूस पंधरा वर्षांच्या आतला आहे. क्यूबेकचं मध्यवय चाळिशी ओलांडून गेलंय आणि इथे ते पंचविशीच्याही खाली. शाळा हव्यात, शिक्षक हवेत, आणि सगळ्यांत आधी घरं हवीत. २०१६ च्या जनगणनेत नुनाविकमधले निम्म्याहून अधिक इनुइट प्रमाणाबाहेर दाटीच्या घरांत राहत होते. जमीन एवढी असून? होय. कायम गोठलेल्या जमिनीवर पाया घालणं अवघड. वरचा थर वितळला की घर कलतं. गोठणाऱ्या नळांतून पाणी नेता येत नाही, म्हणून बहुतेक गावांत पाणी टँकरने घरच्या टाकीत येतं आणि सांडपाणी टँकरनेच जातं. प्रत्येक खिळा जहाजाने येतो. बहुतेक घरं सरकारी भाड्याची, बांधणार तेवढीच मिळणार. त्यामुळे ०.०६ घनतेच्या प्रदेशात क्षयरोग पसरतो, कारण तो चौरस किलोमीटर मोजत नाही, खोलीतली माणसं मोजतो.

भाषेचं एक, खास मराठी वाचकांसाठी. नुनाविकमध्ये दहातल्या नऊ माणसांची मातृभाषा आजही इनुक्टिटुट आहे आणि क्री गावांत क्री टिकून आहे. दोन्ही भाषा ज्या लिपीत लिहितात ती १८४० च्या सुमारास जेम्स एव्हान्स या मिशनऱ्याने रूढ केली. तिच्यात प्रत्येक व्यंजनाला एक आकृती असते आणि स्वर बदलला की ती आकृती फिरते, तोंड वर, खाली, डावीकडे, उजवीकडे. अक्षर म्हणजे व्यंजन अधिक स्वर ही कल्पना एव्हान्सला लघुलिपीबरोबरच देवनागरीवरून सुचली असावी, असं अभ्यासक मानतात. मी पहिल्यांदा कूजुआकच्या विमानतळावर त्या पाट्या पाहिल्या तेव्हा बाराखडी म्हणत म्हणत त्या वाचायचा प्रयत्न केला होता. पाच मिनिटांत चार अक्षरं जमली.

राहिला प्रश्न 'एकच विभाग का'. खरं तर दैनंदिन कारभारात तो एक नाहीच. ५५ अंशांच्या उत्तरेला कातिविक. दक्षिणेला २०१४ पासून ईयू इस्ची-जेम्स बे प्रादेशिक सरकार, ज्याच्या परिषदेत अकरा क्री आणि अकरा जामेसीचे प्रतिनिधी समोरासमोर बसतात. त्याआधी तिथे जेम्स बे नावाची एक नगरपालिका होती, साडेतीन लाख चौरस किलोमीटरांच्या आसपास पसरलेली, आणि तिच्या कारभारात क्री नव्हते. 'नॉर-द्यू-क्यूबेक' हे नाव उरलंय मुख्यतः सांख्यिकी तक्त्यांत आणि मंत्रालयांच्या रकान्यांत. चिसासिबीतल्या कुणालाही "तुम्ही कुठले?" विचारलं तर तो हे नाव घेणार नाही.

तेव्हा नकाशा रंगवायचाच असेल तर त्या सात लाख चौरस किलोमीटरांवर फिकट रंगाचा एक सपाट थर देऊ नका. विभाग कोरा ठेवा, ५५ अंशांची रेषा पेन्सिलने काढा आणि वस्तीच्या आकाराप्रमाणे टिंबं द्या: चार शहरं, नऊ क्री गावं, चौदा इनुइट गावं. वीजघराजवळचं रादिसाँ आणि नैर्ऋत्येच्या कोपऱ्यातली व्हालकाँतों, व्हिलब्वा ही छोटी गावं दाखवायची तर अगदी बारीक ठिपके पुरतील. मातागामीपासून रादिसाँपर्यंत बिली डायमंड महामार्ग एका रेघेत काढा. ६२० किलोमीटर, वाटेत पेट्रोल मिळतं फक्त ३८१ व्या किलोमीटरला. मोठी टिंबं मोजाल तर सत्तावीसच्या ऐवजी सव्वीसच दिसतील. चूक समजून खोडू नका, व्हापमागूस्टुई आणि कूजुआरापिक या मापाच्या नकाशावर एकमेकांवर येतात. तिथे एकच टिंब ठेवा आणि शेजारी चारही नावं लिहा.